उन्हाळ्यातला फ्रूट-कस्टर्ड टार्ट : मराठवाड्याच्या उन्हात या चुका टाळा

टार्ट म्हणजे मैदा-बटरचा उभ्या कडेचा खुसखुशीत भाजलेला बेस, त्यात कस्टर्ड आणि वर फळं. तो बिघडला की लोक आधी ओव्हनला बोल लावतात, मग बटरच्या कंपनीला. माझ्याकडे बेकिंग शिकायला येणाऱ्या मुली-बायकांचे एप्रिल-मेमधले टार्ट मी बघते, तर त्यातले बहुतेक ओव्हनमध्ये जायच्या आधीच बिघडलेले असतात. परभणीत मे महिन्यात पारा ४३-४४ अंशांवर जातो. रेसिपीच्या व्हिडिओतली बाई मात्र तिकडे थंड देशात बटर "जरा मऊ होऊ द्या" म्हणून ओट्यावर काढून ठेवते. तिचं बरोबरच आहे, तिच्या स्वयंपाकघरात १८-२० अंश असतात. आपल्याकडे तेच बटर मऊ होऊन थांबत नाही, त्याचं तेल होतं.

आणखी एक गोष्ट आधीच सांगते. हा एका दुपारचा पदार्थ नाही. "ताई, पाहुणे पाच वाजता येणारेत, आता बारा वाजलेत, होईल ना?" असा फोन उन्हाळ्यात मला हमखास येतो. नाही होणार. त्या दिवशी फ्रूट कस्टर्ड करा, वाट्यांमध्ये द्या, पाहुणे खूश होतील. टार्ट करायचा तर आदल्या संध्याकाळी कस्टर्ड, पहाटे बेस आणि वाढायच्या तासभर आधी फळं, अशी वाटणी करावीच लागते.

दुपारी मळलेलं पीठ

ही चूक मला सगळ्यात जास्त दिसते आणि सगळ्यात जास्त सलते, कारण महागाचं सामान मातीत जातं.

टार्टच्या बेसमध्ये बटर थंड लागतं. थंड बटरचे बारीक कण मैद्याला लपेटून बसतात, मैद्याला पाणी सहज लागू देत नाहीत, म्हणून चिवटपणा येत नाही आणि बेस खुसखुशीत होतो. बटर ३२ ते ३५ अंशांच्या आसपास वितळतं. बटरमध्ये साधारण १६ टक्के पाणीही असतं. बटर वितळलं की ते पाणी सुटून मैद्यात जातं, पीठ चिवट होतं, आणि ओव्हनमध्ये कड पक्की व्हायच्या आधीच तूप खाली ओघळून कड बसते.

घोळ होतो तो शंकरपाळ्यांच्या सवयीमुळे. शंकरपाळ्यांना आपण कडकडीत मोहन घालतो, म्हणून हात आपोआप बटर गरम करायला जातो. तिथे तळण आहे, तुकडा लहान आहे, उभी कड सांभाळायची नाही. इथे कड उभी राहायला हवी.

मागे वर्गातल्या एका मुलीने भावाच्या साखरपुड्यासाठी टार्ट करायला घेतला. बटर सकाळपासून ओट्यावर होतं, मळायला घेतलं दुपारी दोनला. पीठ हाताला चिकटायला लागलं म्हणून तिने मूठभर मैदा घातला. तरी चिकटायचं थांबेना, म्हणून आणखी मूठभर. तिच्या आईचा फोन आला, "ताई, पीठ तेलकट व्हायलंय आणि हिला रडू यायलंय." मी म्हटलं, मैदा बंद करा, परातीसकट फ्रीजमध्ये ठेवा. तोवर बराच मैदा पोटात गेला होता. त्यांनी तसंच लाटलं, तसंच भाजलं. संध्याकाळी मी गेले तेव्हा बेस अर्ध्या उंचीचा झाला होता, मध्ये फुगला होता आणि सुरीने तुटत नव्हता. कस्टर्ड मात्र तिने सुंदर केलं होतं. ते आंब्याच्या फोडींबरोबर काचेच्या वाट्यांत वाढलं आणि वेळ निभावली. त्या मुलीचा हिरमुसलेला चेहरा मला अजून आठवतो. दोष तिच्या हाताचा नव्हता, दुपारी दोनचा होता.

म्हणून माझी सवय अशी. पहाटे पाच-साडेपाचला, ओटा तापायच्या आधी, पीठ करायचं. रात्रीच परात आणि मैद्याचा डबा फ्रीजमध्ये. २०० ग्रॅम मैदा, १०० ग्रॅम थंड बटरचे बारीक तुकडे, ५० ग्रॅम पिठीसाखर, चिमूटभर मीठ. बटर खारवलेलं असेल तर मीठ नको. बोटांच्या टोकांनी चोळायचं. तळहात लावू नका, तळहात गरम असतो. रव्यासारखं दिसलं की बर्फाचं पाणी दोन-तीन चमचे, गोळा जमेपर्यंतच. कणकेसारखं तिंबायचं नाही. चपटा करून झाकून तासभर फ्रीजमध्ये. दोन प्लॅस्टिकच्या कागदांमध्ये तीन मिलिमीटर जाडीचं लाटा आणि साच्यात बसवल्यावर पुन्हा अर्धा तास फ्रीझरमध्ये ठेवा. हे दोन्ही थांबे गाळून कोणाचा टार्ट नीट झालेला मी पाहिलेला नाही.

घरचं लोणी वापरायचं असेल तर ते पाणी निथळवून, नीट धुऊन, फ्रीजमध्ये घट्ट करून घ्या. त्यात ताकाचं पाणी राहिलेलं असतं आणि ते दर वेळी वेगळं असतं, म्हणून नवशिक्यांनी पहिले काही टार्ट बाजारच्या बटरवरच करावेत.

साच्यात पीठ बसवताना ओढू नका. ओढलेलं पीठ भाजताना मागे सरतं. उचलून कोपऱ्यात सैल सोडा आणि बोटाने दाबा.

काट्याने टोचायला विसरू नका.

रिकामा बेस भाजताना वर बटर पेपर घालून कच्चा राजमा किंवा हरभरा भरायचा, पंधरा-वीस मिनिटं १८० अंशांवर. मग कागद आणि कडधान्य काढून आणखी दहा-बारा मिनिटं, तळ कोरडा आणि बदामी होईस्तोवर. फिकट बेस काढून घेणारे घाईत असतात आणि तळ ओला राहिला की कस्टर्डला दोष देतात. तो राजमा नंतर खायचा नाही, डब्यात ठेवून पुढच्या वेळी पुन्हा हाच वापर.

ओव्हनची कळ १८० वर, आत मात्र १८० नाही

उन्हाळ्यात संध्याकाळी घरोघरी कूलर, शेतात मोटारी, आणि व्होल्टेज खाली. दिवा मंद झालेला दिसतो, ओव्हनकडे मात्र कोणी बघत नाही. तापणाऱ्या कॉइलची ताकद व्होल्टेजच्या वर्गाच्या प्रमाणात घटते. २३० चं व्होल्टेज १८० वर आलं तर कॉइल साधारण ६० टक्केच काम करते, म्हणजे २००० वॉटचा ओटीजी (घरातला छोटा विजेचा ओव्हन) सव्वाबाराशे वॉटचा होतो. आत उष्णता चढायला वेळ लागतो आणि तेवढ्यात बटर वितळून कड बसते. ओव्हनमध्ये ठेवायचा थर्मामीटर घ्या, कळीवर विश्वास ठेवू नका. पहाटे भाजायचं आणखी एक कारण हेच, त्या वेळी व्होल्टेज बरं असतं. ओटीजी किमान पंधरा मिनिटं आधी तापवा, थर्मामीटरवर १८० दिसल्याशिवाय साचा आत जाऊ नये.

गॅस लवकर बंद केलेलं कस्टर्ड

दुसरी माझ्या जिव्हारी लागणारी चूक ही. कस्टर्ड जरा दाट दिसलं की गॅस बंद.

कस्टर्ड पावडर म्हणजे मुख्यतः कॉर्नफ्लोअर, रंग आणि वास. इंग्लंडमधल्या बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्डने १८३७ साली ती काढली, कारण त्याच्या बायकोला अंडं सोसत नव्हतं. आपल्याकडे अंडं न चालणाऱ्या घरांना तीच सोयीची पडली. हे पीठ ९५ अंशांच्या आसपास पुरतं शिजतं. आधीच थांबलात तर कच्च्या पिठाची चव जिभेला लागते आणि टार्ट कापला की कस्टर्ड पसरतं.

अंड्याचं करणाऱ्यांना तर आणखी मोठा धोका आहे. माझ्या धाकट्या जावेने गेल्या अक्षय तृतीयेला चार पिवळे बलक घालून सुरेख कस्टर्ड केलं. अंडं फाटेल या भीतीने मंद आचेवर ठेवलं आणि चमच्याच्या पाठीला चिकटलं की लगेच उतरवलं. रात्री फ्रीजमध्ये ठेवताना ते इतकं घट्ट होतं की भांडं वाकवलं तरी हललं नाही. सकाळी उघडलं तर दुधासारखं पातळ! ती म्हणाली, "ताई, रात्री मी स्वतः बघितलं होतं, कुणी पाणी ओतलं का काय?" कुणी नाही. कच्च्या बलकात एक एन्झाइम असतं, अमायलेज. ते कॉर्नफ्लोअरचं स्टार्च तोडतं. उकळी आली असती तर ते नष्ट झालं असतं, नाही आली म्हणून रात्रभर त्याने आपलं काम केलं. कॉर्नफ्लोअर असलेल्या कस्टर्डमध्ये बलक उकळीला घाबरत नाही, पीठ त्याला सांभाळून घेतं. फाटतं ते पीठ नसलेलं कस्टर्ड.

तेव्हा बुडबुडे यायला लागल्यावर घड्याळ बघून दीड-दोन मिनिटं ढवळत राहा. टार्टसाठी अर्धा लिटर म्हशीच्या दुधाला ४० ग्रॅम कस्टर्ड पावडर, ८० ग्रॅम साखर. डब्यावर लिहिलेलं प्रमाण वाटीतून खायच्या पातळ कस्टर्डचं असतं. पावडर अर्धी वाटी थंड दुधात आधी कालवा. गरम दुधात टाकून गुठळ्या झाल्या की गाळण्याने गाळत बसायचं, हा नसता उद्योग कशाला? उतरवल्यावर प्लॅस्टिकचा कागद थेट कस्टर्डला चिकटवून ठेवा, साय येणार नाही. थंड झालेल्या कस्टर्डला मिक्सर किंवा बीटर लावू नका, जमलेलं जाळं मोडून ते सैल होतं. चमच्याने चार-पाच वळसे पुरेत.

गरम कस्टर्ड बेसमध्ये ओतू नये. वाफ खाली जाऊन बेस नरम पडतो. मी बेस पूर्ण गार झाल्यावर आतून पांढऱ्या चॉकलेटचा पातळ हात फिरवते आणि फ्रीजमध्येच घट्ट करते, बाहेर आपल्या हवेत ते जमत नाही. मग थंड कस्टर्ड.

फळं

अननस, किवी आणि पपई कच्ची घालू नका. त्यांच्यातली एन्झाइम दुधातलं प्रथिन तोडतात आणि कस्टर्ड तासा-दोन तासांत कडू लागतं. अननस हवाच असेल तर साखरेत शिजवून, गार करून घाला. डब्यातला अननस चालतो, तो शिजलेलाच असतो.

कलिंगड आणि खरबूज ताटात छान. टार्टवर नको, नुसतं पाणी.

मोसंबीचा मोह मला कळतो, जालन्याची मोसंबी शेजारीच पिकते, तिला २०१६ साली भौगोलिक मानांकनही मिळालं. पण मोसंबीचा रस काढून ठेवला की काही वेळाने कडवटपणा येतो, आणि तोच कडवटपणा कस्टर्डमध्ये उतरतो. पाहिजे तर साल-पापुद्रे पूर्ण काढलेल्या फोडी अगदी वाढताना ठेवा.

माझं मत विचाराल तर उन्हाळ्यात एकच फळ पुरतं, आपला केसर आंबा. मराठवाड्याच्या केसरलाही २०१६ मध्येच मानांकन मिळालंय, आणि त्याचा रंग कस्टर्डवर असा दिसतो की वर दुसरं काही लागत नाही. पण आंबा पिकलेला असूनही दाबल्यावर जरा घट्ट हवा. रसासाठी ठेवलेला मऊ आंबा आणि गावरान रायवळ रसालाच ठेवा, त्यांना कापताच पाणी सुटतं. फोडी पातळ करा, स्वच्छ सुती कापडावर पसरून पाच-सात मिनिटं ठेवा, मगच मांडा. काळी द्राक्षं धुतली तर पुसून कोरडी करा. केळं आणि चिकू कापून ठेवलं तर काळं पडतं, म्हणून शेवटी.

वरची चमक मी चायना ग्रासची करते. कपभर पाण्यात अर्धा छोटा चमचा पावडर, दोन चमचे साखर, दोन मिनिटं उकळी. ते ३५-४० अंशांच्या आसपास जमतं, म्हणजे मेमधल्या ओट्यावर नुसतंच पातळ बसतं. ब्रशने थंडगार फळांवर लावलं की जागच्या जागी धरतं. उकळतं मात्र लावू नका.

वाढण्याआधी आणि नेताना

दुधाचा पदार्थ ३२ अंशांच्या वरच्या हवेत तासाभराहून जास्त बाहेर राहू नये. लग्नघरातल्या टेबलावर दोन तास सजवून ठेवलेला टार्ट मी खात नाही आणि मुलांना खाऊ देत नाही. लाइट गेली तर फ्रीजचं दार उघडून बघत बसू नका, बंद ठेवा, आतला गारवा काही तास टिकतो. दिवसभर लाइट नव्हती तर कस्टर्ड टाकून द्या, कितीही जीव तुटला तरी.

मांडलेला टार्ट दुसऱ्या दिवशी नरम पडतोच, चॉकलेट लावलं तरी. म्हणून माणसं बघून करा. बेस हवाबंद डब्यात दोन-तीन दिवस राहतो, कस्टर्ड फ्रीजमध्ये दोन दिवस.

आणि नांदेडला लेकीकडे किंवा लातूरला बहिणीकडे न्यायचा असेल तर जोडलेला टार्ट गाडीच्या डिकीत ठेवू नका, तिथली उष्णता ओट्यापेक्षा वाईट. भाजलेला बेस साच्यासकट डब्यात, कस्टर्ड बर्फाच्या पिशवीत, आंबे अख्खे. तिथे पोचल्यावर आधी कस्टर्ड फ्रीजमध्ये ठेवायचं, चहा घ्यायचा, मग सुरी मागायची.