दिवस ठाऊक असेल, तर ग्रह कक्षेवर कुठे आहे हे कसे काढावे

एखादा ग्रह उपसूर्य बिंदूवर, म्हणजे कक्षेतील सूर्याच्या सर्वांत जवळच्या बिंदूवर, कधी होता हे ठाऊक असेल, तर त्यानंतर अमुक दिवसांनी तो कुठे पोहोचेल, सूर्यापासून किती दूर असेल आणि किती वेगाने जात असेल, हे साध्या वैज्ञानिक कॅल्क्युलेटरवर काढता येते. त्यासाठी कक्षेविषयी दोनच संख्या लागतात: अर्धदीर्घाक्ष (अ), म्हणजे लंबवर्तुळाच्या लांब व्यासाचा अर्धा भाग, आणि विमध्यता (व), म्हणजे लंबवर्तुळाच्या केंद्रापासून सूर्य किती बाजूला आहे ते अर्धदीर्घाक्षाच्या तुलनेत सांगणारी संख्या. येथे आपण मंगळ घेऊ आणि उपसूर्य बिंदू ओलांडल्यानंतर १०० दिवसांनी तो कुठे असतो ते काढू. मंगळासाठी अ = १.५२३७ खगोलीय एकके आणि व = ०.०९३४ आहे. एक खगोलीय एकक म्हणजे सुमारे १४ कोटी ९६ लाख किलोमीटर.

आवर्तकाल, म्हणजे सूर्याभोवती एक फेरी पूर्ण होण्यास लागणारा काळ, वेगळा शोधावा लागत नाही. केप्लरने १६१९ मध्ये मांडलेल्या तिसऱ्या नियमानुसार आवर्तकालाचा वर्ग अर्धदीर्घाक्षाच्या घनाच्या प्रमाणात असतो, आणि अंतर खगोलीय एककांत आणि काळ वर्षांत मोजला, तर ते प्रमाण १ होते. म्हणून १.५२३७ चा घन करून त्याचे वर्गमूळ घ्यावे. उत्तर १.८८०८ वर्षे येते आणि त्याला ३६५.२५६ ने गुणले की ६८६.९८ दिवस मिळतात. सूर्याच्या तुलनेत ग्रहाचे वस्तुमान नगण्य असल्यामुळे ही सोपी रीत चालते.

पुढे जाण्यापूर्वी कक्षेचे चित्र मनात नीट बसवून घ्यावे, कारण पुस्तकांतील आकृत्या येथे हमखास दिशाभूल करतात. त्यांत लंबवर्तुळ फार चपटे दाखवलेले असते. प्रत्यक्षात मंगळाच्या कक्षेची रुंदी तिच्या लांबीपेक्षा अर्ध्या टक्क्याहूनही कमी फरकाने लहान आहे, म्हणजे डोळ्यांना ती वर्तुळच वाटेल. मात्र सूर्य त्या वर्तुळसदृश आकाराच्या केंद्रापासून अ × व, म्हणजे ०.१४२३ खगोलीय एकके किंवा सुमारे २ कोटी १३ लाख किलोमीटर, बाजूला नाभीवर, म्हणजे लंबवर्तुळाच्या लांब अक्षावरील दोन ठरावीक बिंदूंपैकी एकावर, असतो. मंगळाचा वेग कमीजास्त होताना दिसतो त्याचे कारण कक्षेचा चपटेपणा नव्हे, तर सूर्याचे हे सरकलेले स्थान होय.

आता मूळ अडचण पाहू. कक्षेचा आकार माहीत असला, तरी कोणत्या क्षणी ग्रह कोणत्या कोनात आहे हे आकारावरून कळत नाही. वर्तुळाकार कक्षेत कोन काळाच्या प्रमाणात वाढतो; लंबवर्तुळाकार कक्षेत तसा वाढत नाही. काळाच्या प्रमाणात वाढते ते सूर्य आणि ग्रह यांना जोडणाऱ्या रेषेने आक्रमिलेले क्षेत्रफळ. हा केप्लरचा दुसरा नियम १६०९ चा असून त्याचे भौतिक कारण न्यूटनने १६८७ मध्ये दाखवले: गुरुत्वाकर्षणाची ओढ नेहमी सूर्याच्या दिशेने असल्यामुळे ग्रहाचा सूर्याभोवतीचा कोनीय संवेग, म्हणजे त्याच्या फिरण्याचे माप, बदलू शकत नाही, आणि समान काळात समान क्षेत्रफळ हे त्याच अचल राशीचे भूमितीतील रूप आहे. या नियमासाठी बल अंतराच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात असण्याचीही गरज नाही. ती अट लागते ती कक्षा लंबवर्तुळ होण्यासाठी.

म्हणून आपण क्षेत्रफळाचा हिशेब मांडतो. लंबवर्तुळाभोवती अ त्रिज्येचे वर्तुळ काढावे. ग्रहापासून लांब अक्षाला लंब रेषा काढून ती या वर्तुळापर्यंत न्यावी आणि जेथे ती वर्तुळाला मिळते त्या बिंदूने केंद्राशी केलेला, उपसूर्य बिंदूच्या दिशेपासून मोजलेला कोन सहायक कोन (स) मानावा. त्या कोनाच्या वर्तुळपाकळीचे क्षेत्रफळ ½ × अ² × स असते. पण आपल्याला क्षेत्रफळ केंद्रापासून नको, सूर्यापासून हवे आहे, म्हणून केंद्र, सूर्य आणि वर्तुळावरील बिंदू यांचा त्रिकोण वजा करावा लागतो. त्याचे क्षेत्रफळ ½ × अ² × व × साइन(स) इतके आहे. वर्तुळ एका दिशेने सारख्या प्रमाणात दाबले की लंबवर्तुळ मिळते आणि दाबल्यावर सर्व क्षेत्रफळे एकाच प्रमाणात घटतात, त्यामुळे भाग आणि पूर्ण यांचे गुणोत्तर तेच राहते. यातून केप्लरचे समीकरण हाती येते:

म = स − व × साइन(स)

येथे मध्यम कोन (म) म्हणजे एकसारख्या गतीने फिरणाऱ्या काल्पनिक ग्रहाचा कोन, म्हणजेच ३६०° × लोटलेला काळ ÷ आवर्तकाल. मंगळाच्या उदाहरणात तो ५२.४०३° येतो. या समीकरणात कोन रेडियनमध्येच (१८०° म्हणजे ३.१४१५९ रेडियन) असले पाहिजेत, म्हणून म = ०.९१४६१ घ्यावे. चुकीच्या उत्तरांपैकी बहुतेक येथेच जन्मतात: कॅल्क्युलेटर अंशांवर ठेवून समीकरणात रेडियन घातले जातात.

या समीकरणातून स चे बीजगणितीय सूत्र काढता येत नाही, परंतु त्याने अडत नाही. समीकरण स = म + व × साइन(स) असे लिहावे, उजवीकडे पहिला अंदाज म्हणून म घालावा आणि येणारे उत्तर पुन्हा उजवीकडे घालत जावे. क्रमाने ०.९८८६१, ०.९९२६२, ०.९९२८३, ०.९९२८४ ही उत्तरे मिळतात आणि मग पाचव्या दशांशस्थळापर्यंत बदल थांबतो. प्रत्येक फेरीत चूक साधारण विसाव्या हिश्शावर येते, कारण ती दर वेळी व × कोसाइन(स), म्हणजे येथे सुमारे ०.०५, या संख्येने गुणली जाते. सहायक कोन अंशांत ५६.८८५° झाला.

सूर्यापासूनचे अंतर आता एका ओळीत मिळते: र = अ × (१ − व × कोसाइन(स)). मंगळासाठी ते १.४४६० खगोलीय एकके, म्हणजे सुमारे २१ कोटी ६३ लाख किलोमीटर आहे. सूर्यावरून दिसणारा खरा कोन (ख) काढण्यासाठी मी अर्ध्या कोनाचे सूत्र वापरण्याचा आग्रह धरीन, कारण कोसाइनवरून उलट जाताना कोन कक्षेच्या कोणत्या अर्ध्या भागात आहे याचा घोळ होतो, तो येथे होत नाही:

टॅन(ख/२) = √((१ + व)/(१ − व)) × टॅन(स/२)

वर्गमूळ १.०९८२ आणि टॅन(२८.४४३°) = ०.५४१७ धरून ख = ६१.४९° येतो. मध्यम कोनापेक्षा मंगळ ९.१° पुढे आहे. भारतीय ग्रहगणितात या फरकाला मंदफल म्हणतात आणि मंगळाच्या बाबतीत ते साधारण १०.७° पर्यंत जाते.

वेगाचे सूत्र ऊर्जेच्या अक्षय्यतेतून येते: वेग = २९.७८५ × √(२/र − १/अ) किलोमीटर प्रति सेकंद, जेथे २९.७८५ हा १ खगोलीय एकक त्रिज्येच्या वर्तुळाकार कक्षेतील वेग आहे. आपल्या क्षणी मंगळाचा वेग २५.४ किलोमीटर प्रति सेकंद आहे.

उत्तर पडताळल्याशिवाय पुढे जाऊ नये. र = अ × (१ − व²) ÷ (१ + व × कोसाइन(ख)) या दुसऱ्या सूत्रात खरा कोन घालून तेच अंतर येते का ते पाहावे; येथे पुन्हा १.४४६० मिळते. वेगाच्या सूत्राची कसोटी कक्षेच्या दोन टोकांना घ्यावी. उपसूर्य बिंदूवर अंतर १.३८१४ आणि वेग २६.५० आहे, तर अपसूर्य बिंदूवर, म्हणजे सूर्यापासून सर्वांत दूरच्या बिंदूवर, अंतर १.६६६० आणि वेग २१.९७ आहे, दोन्ही गुणाकार ३६.६ येतात, आणि कोनीय संवेग कायम राहतो म्हणजे नेमके हेच.

विमध्यता मोठी असेल, तर वरची फेऱ्यांची रीत रेंगाळते. हॅलेच्या धूमकेतूची विमध्यता सुमारे ०.९६७ आहे, त्यामुळे उपसूर्य बिंदूजवळ एका फेरीत चूक जेमतेम काही टक्क्यांनी घटते. तेथे न्यूटनची रीत घ्यावी: हातातल्या स मधून (स − व × साइन(स) − म) ÷ (१ − व × कोसाइन(स)) वजा करावे आणि हेच पुन्हा करावे. म शून्य ते १८०° यांदरम्यान असेल, तर पहिला अंदाज पाय, म्हणजे ३.१४१५९, घ्यावा, तेथून ही रीत उत्तराला ओलांडून पलीकडे जात नाही. म त्याहून मोठा असेल, तर ३६०° मधून तो वजा करून गणित करावे आणि शेवटच्या कोनाचे चिन्ह उलटावे.

हे सारे गणित सूर्य आणि एकच ग्रह धरून आहे. इतर ग्रहांच्या ओढीमुळे अ, व आणि उपसूर्य बिंदूची दिशा हळूहळू बदलत राहतात, आणि बुधाच्या बाबतीत ती ओढ हिशेबात घेतल्यावरही शतकाला ४३ विकलांचे (एक विकला म्हणजे अंशाचा ३६०० वा भाग) सरकणे उरते, ज्याचा उलगडा आइन्स्टाइनने १९१५ मध्ये सामान्य सापेक्षतेतून केला. म्हणून अनेक दशकांपलीकडचे स्थान हवे असल्यास त्या काळासाठी दिलेले कक्षेचे आकडे घेऊन वरचे गणित पुन्हा करावे.