वडिलांच्या सरकारी विमा पॉलिसीचे अडकलेले पैसे व्याजासकट कसे मिळाले, माझा अनुभव

पॉलिसी मॅच्युअर झाली, बॉन्ड, कॅन्सल चेक सगळं दिलं, आणि मग सुरू झालं "पुढच्या आठवड्यात या". असे अकरा महिने गेले. मध्येच म्हणे ओरिजिनल बॉन्ड मिळालाच नाही! नशीब माझ्याकडे आवकचा निळा शिक्का मारलेली झेरॉक्स होती, तारीख जरा पुसट पण वाचता येत होती, ती टेबलावर ठेवली तसा साहेबांचा आवाज खाली आला, पैसे मात्र नाहीच आले.

मग लेखी तक्रार रजिस्टर्ड एडीने पाठवली, महिनाभर थांबलो, उत्तर शून्य. विमा लोकपालाकडे (विमा कंपन्यांविरुद्धच्या तक्रारी सोडवणारा अधिकारी) जायचा पर्याय होता, तिथे वकील लागत नाही आणि फीही नाही, पण मी ग्राहक आयोगात गेलो (एकदा आयोगात केस टाकली की लोकपाल ती घेत नाही, आधीच ठरवा). 2019 च्या कायद्यामुळे आपण राहतो त्याच जिल्ह्यात केस टाकता येते, मुदत 2 वर्षं, आणि भरलेला प्रीमियम 5 लाखांच्या आत असेल तर फी नाही.

आयोगाची नोटीस गेल्यावर लगेच कंपनीचा फोन, मुद्दल घ्या आणि सही करा. वडील तयारच होते, मी व्हाउचरवर (पैसे मिळाल्याच्या पावतीवर) "व्याजाचा हक्क राखून" असं लिहायला लावलं. इर्डाच्या (विमा कंपन्यांवरची नियामक संस्था) नियमात उशिराबद्दल बँक रेट (रिझर्व्ह बँक ठरवते तो दर) अधिक 2 टक्के व्याज आहे, तेच मागितलं होतं. आयोगातल्या तिसऱ्या तारखेला कंपनीच्याच वकिलाने व्याजाचा चेक आणून दिला.