तिथी पाहून खाडीवर जा: ठाणे खाडी फ्लेमिंगो अभयारण्याच्या भेटीची तयारी

ठाणे खाडीतील फ्लेमिंगो पाहण्यासाठी निघणारे बहुतेक जण रविवार पाहतात, हवामान पाहतात, ऐरोली स्थानकाची गाडी पाहतात; खाडीचे पाणी त्या वेळी कुठे असेल हे मात्र पाहत नाहीत. आम्हीही पहिल्या वेळी हीच चूक केली. नावेची नोंदणी न करता एका एकादशीला दुपारी अडीचच्या सुमारास काठावर पोहोचलो, तेव्हा समोर चिखलाचे मैदान पसरलेले होते आणि त्यापलीकडे, दुर्बिणीतूनही जेमतेम कळेल अशी गुलाबी रेघ होती.

भरतीचा हिशेब कॅलेंडरवर बसल्या जागी करता येतो. तिथीच्या आकड्याची पाऊणपट केली की साधारण पूर्ण भरतीची वेळ मिळते. किनाऱ्यावरच्या मंडळींचा हा जुना ठोकताळा आहे. चतुर्थीला चारची पाऊणपट तीन, म्हणून तीनच्या सुमारास भरती, एकादशीला सव्वाआठला. त्यानंतर सुमारे सहा तासांनी पूर्ण ओहोटी, म्हणजे आमचा अडीचचा मुहूर्त कसा चुकला ते लक्षात येईल. शुद्ध आणि वद्य दोन्ही पक्षांत हाच हिशेब चालतो आणि भरतीची वेळ रोज जवळजवळ पाऊण तासाने पुढे सरकते. भरती समुद्राकडून आत येत असल्यामुळे ठाण्याच्या बाजूला ती थोडी उशिरा पोहोचते, तेवढी सवलत ठेवावी. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण असते, म्हणून पाणी जास्त चढते आणि तितकेच जास्त ओसरते. अष्टमीच्या सुमारास भांग असते, तेव्हा हा फरक कमी असतो.

पाण्याला इतके महत्त्व का, हे पक्ष्याच्या जेवणावरून कळते. फ्लेमिंगो, म्हणजे रोहित, चोच उलटी करून चिखलपाणी गाळतो. खाडीत लहान रोहित आणि मोठा रोहित अशा दोन जाती दिसतात. त्यांपैकी लहान रोहिताचे मुख्य अन्न नीलहरित शेवाळ आहे आणि त्याचा गुलाबी रंगही अन्नातल्या रंगद्रव्यांतूनच येतो. ओहोटीला चिखल उघडा पडला की थवे खाडीभर पांगून खातात, पण तेव्हा उथळ पाण्यात नाव चालत नाही. पूर्ण भरतीला नाव चालते, पण चिखल बुडाल्याने पक्षी विश्रांतीसाठी दुसरीकडे सरकतात. म्हणून पाणी चढत असतानाची किंवा नुकते उतरू लागल्यानंतरची वेळ पकडावी. दुपारची फेरी घ्यायची असेल, तर तृतीया ते पंचमी या तिथी मला सर्वांत सोयीच्या वाटतात. (शेवाळाची ही समृद्धी खाडीत येणाऱ्या सांडपाण्याच्या पोषकद्रव्यांवरही पोसलेली आहे, तेव्हा तिचा अभिमान बाळगताना जरा जपूनच बोलावे.)

पक्षी साधारण नोव्हेंबरपासून येऊ लागतात आणि मे महिन्यापर्यंत राहतात. उन्हाचा त्रास टाळायचा असेल, तर जानेवारी ते मार्च हा काळ निवडावा. हे अभयारण्य २०१५ मध्ये घोषित झाले. मालवणनंतरचे हे राज्यातील दुसरे सागरी अभयारण्य आहे आणि २०२२ मध्ये ठाणे खाडीला रामसर स्थळाचा, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागेचा, दर्जा मिळाला. नावेची फेरी ऐरोलीच्या किनारी व सागरी जैवविविधता केंद्रातून सुटते. ट्रान्स-हार्बर मार्गाने ऐरोलीला उतरून तिथून रिक्षा करावी. फेरीच्या वेळा भरतीप्रमाणे ठरत असल्याने नोंदणी आधी करावी.

केंद्रात नुसते नावेची वाट पाहत बसू नये. कांदळवनातील लाकडी पायवाटेवर तिवराच्या झाडापाशी थांबावे. चिखलातून पेन्सिलीसारखी उभी राहिलेली त्याची श्वसनमुळे दिसतील, कारण या चिखलात हवा शिरत नाही. पानावर बोट फिरवून जिभेला लावल्यास मीठ लागते, कारण तिवर मुळांतून आलेले जास्तीचे मीठ पानांवाटे बाहेर टाकते. मुळांच्या मधल्या ओल्या चिखलावर निवटी नावाचा मासा कल्ल्यांमागच्या परांवर टेकत पुढे सरकताना दिसतो. सावली पडली की तो बिळाकडे पळतो, म्हणून दोन मिनिटे हालचाल न करता थांबावे लागते.

नावेतून लहान आणि मोठा रोहित ओळखण्यासाठी चोच पाहावी: लहान रोहिताची चोच गडद तांबूस असते, तर मोठ्याची फिकट गुलाबी आणि टोकाला काळी. मोठा उंच आणि अंगाने जास्त पांढरा असतो. राखाडी दिसणारे पक्षी वेगळ्या जातीचे नसून रोहिताचीच पिल्ले असतात. ८ बाय ४२ ची, म्हणजे आठपट मोठे दाखवणारी आणि ४२ मिलिमीटर भिंगाची, दुर्बीण पुरेशी आहे. त्याहून जास्त पटीच्या दुर्बिणीतले दृश्य हलत्या नावेत स्थिर राहत नाही. फिक्या रंगाचे कपडे घालावेत, टोपी आणि पाणी सोबत असावे. काठावर जायचे असेल, तर चपला घालू नयेत. माझी एक चप्पल चिखलाने कायमची ठेवून घेतली आहे.

नावेची फेरी जमली नाही, तर भरतीच्या वेळी नेरूळ-सीवूड्सच्या पाणथळ जागांकडे जावे. खाडीतला चिखल बुडाला की अनेक थवे तिथे येऊन एका पायावर विसावतात. तिथे काठावरून पाहावे आणि ड्रोन उडवू नये. थव्यातील पक्ष्यांनी एकदम माना वर करून एकाच दिशेने चालायला सुरुवात केली, तर आपण फार जवळ आलो आहोत असे समजावे आणि जागेवरच थांबून हळूहळू मागे सरकावे.