फिल्टर चकाचक धुतला आणि मासे दगावले? या चुका टाळा

रविवारी फिल्टरचा स्पंज नळाखाली पिळून पिळून स्वच्छ केला आणि मंगळवारी मासे वर येऊन तोंडं उघडू लागले. दोष फिल्टरचा नाही, नळाच्या पाण्याचा आहे. माशांची विष्ठा आणि उरलेलं खाद्य यांतून माशांना विषारी असलेला अमोनिया तयार होतो. त्याचं आधी नायट्राइट आणि मग नायट्रेट करणारे जिवाणू स्पंजवरच्या त्या तपकिरी थरात राहतात, आणि नळाच्या पाण्यातलं क्लोरीन त्यांना मारतं. म्हणून पाणी बदलताना टाकीतून काढलेलं पाणी बादलीत घ्या, त्यात स्पंज दोन-तीनदा दाबा आणि परत बसवा. तो तपकिरीच राहू दे. नवा घ्यायचा झाला तर महिनाभर जुन्यासोबत चालवा. चूक होऊन गेलीच असेल, तर अँटी-क्लोरीन (क्लोरीन घालवणारं औषध) घातलेल्या पाण्याने निम्मी टाकी बदला आणि दोन दिवस खाद्य बंद ठेवा.

स्पंज साफ असूनही धार मंद असेल किंवा फिल्टर खडखडत असेल तर पंखा पाहा. आधी प्लग काढा, मगच पाण्यात हात घाला. पुढचं झाकण सरकवलं की चुंबकाची छोटी कांडी पंख्यासकट बाहेर येते. तिच्यावर बुळबुळीत थर असतो, कधी शेवाळाचे धागे, कधी गोगलगायीचं मोहरीएवढं पिल्लू. जुन्या टूथब्रशने कांडी आणि कानकाडीने आतली नळी पुसा. मधला दांडा बहुतेक सिरॅमिकचा असतो, वाकवायला गेलात की कटकन तुटतो. बोअरचं पाणी असेल तर पांढरा क्षार धरतो. निम्मं व्हिनेगर, निम्मं पाणी घेऊन त्यात कांडी अर्धा तास भिजवा आणि नीट धुऊन बसवा. पंखा थोडा ढिला लागतो, ते बिघडल्याचं लक्षण नाही. चालू केल्यावरही घरघर राहिली तर आत हवा अडकली आहे. फिल्टर पाण्यातच जरा तिरका करा, बुडबुडे निघून जातील. दांडा तुटला असेल तर फक्त पंख्याचा सेट मागा, दुकानदार अख्खा फिल्टर गळ्यात मारू पाहील.

आवाज नको म्हणून रात्री फिल्टर बंद करणं ही तर नेहमीचीच चूक. पाणी वाहायचं थांबलं की जिवाणूंना ऑक्सिजन मिळत नाही. बंद डब्याच्या कॅनिस्टर फिल्टरमध्ये हे सगळ्यात लवकर होतं. वीज बरेच तास गेली असेल तर त्यातलं कुजकट पाणी ओतून टाका, मगच बटण दाबा.

एअर पंप टाकीच्या पाण्याच्या पातळीपेक्षा खाली ठेवला असेल तर नळीत नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह हवाच, नाहीतर वीज गेल्यावर पाणी उलटं पंपात उतरतं. व्हॉल्व्ह बसवण्याआधी तोंडाने फुंकून बघा. हवा टाकीच्या दिशेनेच जायला हवी.

साठ लिटरच्या टाकीला ताशी 250 ते 300 लिटरचा फिल्टर पुरतो. फायटर (बेट्टा) मासा असेल तर मात्र धार भिंतीकडे वळवा, त्याला जोराचा प्रवाह सोसत नाही. माशांचं औषध घालताना फिल्टरमधली कार्बनची पिशवी काढून ठेवा. ती औषधच शोषून घेते.