अपेंडिक्समधला खडा आणि अपेंडिक्सचे इतर आजार: दुखणे ओळखण्यापासून ऑपरेशननंतरच्या काळजीपर्यंत

सोनोग्राफीच्या अहवालात ‘अपेंडिक्समध्ये खडा’ असे आले की बहुतेक घरांत पहिला विचार मुतखड्याचा येतो. मग कुळथाचे कढण सुरू होते, पानफुटीची पाने चावली जातात, कोणीतरी खात्रीच्या पाल्याचे नाव सांगते आणि त्यात चार-पाच दिवस सहज निघून जातात. मूत्रपिंडातला लहान खडा पाणी पिऊन लघवीवाटे पडू शकतो, कारण त्याला पुढे वाट असते. अपेंडिक्स ही एका टोकाला बंद असलेली नळी आहे. कढणाचा किंवा पाल्याचा रस तिच्यात जाऊन खडा विरघळवत नाही आणि तसे करणारे औषध ॲलोपॅथीतही उपलब्ध नाही. म्हणून या खड्याबाबत घरच्यांनी काय करायचे आणि काय टाळायचे, हे दुखणे उद्भवण्याआधीच माहीत असलेले बरे.

अपेंडिक्स पोटाच्या उजव्या बाजूला खाली, मोठे आतडे जिथे सुरू होते तिथे लोंबत असते. तिची लांबी साधारण ६ ते ९ सेंटिमीटर असते. मळाचा एखादा कण आत अडकून राहिला की त्यावर श्लेष्म (चिकट स्राव) आणि कॅल्शियमचे क्षार साचत जातात, आणि असा खडा कापून पाहिला तर आत एकावर एक चढलेले थर स्पष्ट दिसतात. काही खडे मोहरीएवढे असतात, काही सेंटिमीटरभर वाढतात. खडा नळीच्या तोंडाशी अडकला की आतला स्राव बाहेर पडू शकत नाही, नळी फुगते, दाबामुळे भिंतीचा रक्तपुरवठा मंदावतो, आतले जिवाणू वाढतात आणि अखेरीस भिंत सडून फुटू शकते. अर्थात प्रत्येक अपेंडिसायटिसला, म्हणजे अपेंडिक्सच्या सुजेला, खडाच कारण असतो असे नाही. लहान मुलांत आणि तरुणांत आतल्या लसिका ग्रंथी सुजूनही तोंड बंद होते, तर क्वचित जंत कारणीभूत असतात. पेरूच्या किंवा टोमॅटोच्या बियांमुळे अपेंडिक्स होते ही भीती मात्र प्रमाणाबाहेरची आहे. तशी उदाहरणे फार विरळ आहेत. लंडनमध्ये १७३५ साली क्लॉडियस अम्यांड यांनी ११ वर्षांच्या मुलाची अपेंडिक्स काढली, आणि ती अपेंडिक्स काढण्याची नोंदलेली पहिली शस्त्रक्रिया मानतात. त्या मुलाने गिळलेली टाचणी आत अडकून तिच्याभोवती खडा जमला होता.

दुखणे कसे ओळखावे

या दुखण्याला एक क्रम असतो आणि तो लक्षात ठेवण्यासारखा आहे. सुरुवातीला बेंबीभोवती किंवा छातीच्या खाली मोघम दुखते, त्यामुळे ‘वायगोळा आला’, ‘नळ भरले’, ‘बेंबी सरकली’ अशी नावे त्याला मिळतात. काही तासांनी मळमळ होते, एखादी उलटी होते आणि भूक पार मरते. एरवी पांढऱ्या रश्शाच्या वासाने चुलीजवळ येऊन बसणारा मुलगा ताट पुढे केले तरी तोंड फिरवतो. त्यानंतर दुखणे उजवीकडे खाली सरकते आणि एका जागी स्थिरावते. कमरेचे पुढचे हाड आणि बेंबी यांना जोडणारी रेषा कल्पिली, तर हाडापासून एक तृतीयांश अंतरावर बोट ठेवताच रुग्ण दचकतो. न्यूयॉर्कचे शल्यविशारद मॅकबर्नी यांनी ही जागा १८८९ मध्ये वर्णन केली. बारीक ताप नंतर येतो. खोकताना किंवा गाडी गतिरोधकावरून जाताना त्या जागी कळ उठणे, ही खूण डॉक्टरही महत्त्वाची मानतात.

मुतखड्याच्या कळेशी याची गल्लत होते, पण रुग्णाकडे नीट पाहिले तर फरक कळू शकतो. मुतखड्याचा रुग्ण एका जागी थांबू शकत नाही, तो कूस बदलतो, उठतो, येरझाऱ्या घालतो. अपेंडिक्सचा रुग्ण उजवा पाय पोटाशी घेऊन निपचित पडतो आणि कोणी पलंगाला धक्का दिला तरी कळवळतो. लघवीच्या तपासणीत थोड्या पेशी सापडल्या म्हणून अपेंडिक्स नाही असे ठरत नाही, कारण सुजलेली अपेंडिक्स मूत्रनलिकेला टेकली असली तरी त्या दिसतात.

चार प्रकारच्या रुग्णांत मात्र हा क्रम पाळला जात नाही. पाच वर्षांखालच्या मुलांना नीट सांगता येत नाही आणि त्यांच्यात निदान होईपर्यंत अपेंडिक्स फुटलेली असण्याचे प्रमाण बरेच मोठे असते. वयस्कर माणसांत आणि मधुमेहींत लक्षणे सौम्य वाटतात. गरोदरपणी वाढत्या गर्भाशयामुळे अपेंडिक्स वर सरकू शकते, त्यामुळे दुखणे बरगडीखालीही येते. अशा वेळी दुखणे किरकोळ वाटले तरी सर्जनला दाखवावे.

घरात आणि वाटेत

पोट चोळू नये, बेंबी बसवायला कोणाकडे नेऊ नये, आणि एरंडेल, जुलाबाची गोळी किंवा एनिमा मुळीच देऊ नये, कारण आतड्याची हालचाल वाढली की सुजलेली अपेंडिक्स फुटण्याचा धोका वाढतो. गरम पाण्याची पिशवीही नको. खाणे बंद ठेवावे. भूल द्यायची वेळ आली तर पोट रिकामे असावे लागते. नेहमीची औषधे, विशेषतः रक्त पातळ करण्याची, सोबत न्यावीत. गावातल्या दवाखान्यात इंजेक्शन घेऊन दुखणे कमी झाले तर ते बरे झाले असे धरून रात्र काढू नये. रुग्णालयात तपासणीदरम्यान वेदनाशामक दिल्याने निदान बिघडत नाही. घरी परतून वाट पाहिल्याने मात्र बिघडते. सर्वांत फसवा क्षण म्हणजे असह्य दुखणे एकाएकी थांबणे. तेव्हा अपेंडिक्स फुटून दाब मोकळा झालेला असू शकतो आणि काही तासांत सबंध पोट ताठ होऊन दुखू लागते.

कोल्हापूर जिल्ह्याचेच पाहा. गगनबावड्याहून कोल्हापूर शहर सुमारे ५५ किलोमीटर आहे. शाहूवाडी, भुदरगड, आजऱ्याच्या वाड्यावस्त्यांवरून पावसाळ्यात यायला आणखी वेळ लागतो. त्यामुळे ‘सकाळच्या एसटीने जाऊ’ हा विचार इथे परवडत नाही. रुग्णवाहिकेसाठी १०८ वर फोन करावा. शहरातले छत्रपती प्रमिलाराजे (सीपीआर) रुग्णालय हे शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाशी जोडलेले रुग्णालय आहे, इचलकरंजीला इंदिरा गांधी (आयजीएम) रुग्णालय आणि गडहिंग्लजला उपजिल्हा रुग्णालय आहे. रेशनकार्ड आणि आधारकार्ड बरोबर घ्यावे, आणि महात्मा जोतिराव फुले जनआरोग्य योजनेच्या रुग्णालयात आरोग्यमित्राला, म्हणजे योजनेची माहिती देणाऱ्या कर्मचाऱ्याला, भेटून आपल्या आजारावरील उपचार योजनेत बसतो का, हे दाखल होतानाच विचारावे.

तपासणी आणि उपचारांची निवड

डॉक्टर रक्तातल्या पांढऱ्या पेशी, सीआरपी (शरीरातली सूज दाखवणारी रक्तचाचणी) आणि लघवी तपासतात. बाळंतपणाच्या वयातील स्त्रियांत गर्भधारणेची चाचणी करणे आवश्यक असते, कारण गर्भनलिकेतला गर्भ फुटला तरी दुखणे याच जागी येते. सोनोग्राफीत अपेंडिक्सची जाडी ६ मिलिमीटरपेक्षा जास्त आणि दाबूनही ती न दबणारी असली तर संशय बळावतो. वायूमुळे सोनोग्राफीत काही वेळा अपेंडिक्स दिसतच नाही. ‘दिसली नाही’ याचा अर्थ ‘ठीक आहे’ असा घेऊ नये. खडा सीटी स्कॅनमध्ये अधिक नेमका कळतो.

अँटिबायोटिकवर भागेल का, हा प्रश्न प्रत्येक घर विचारते आणि तो योग्यच आहे. फिनलंडमध्ये खडा नसलेल्या, न फुटलेल्या अपेंडिसायटिसच्या रुग्णांना केवळ अँटिबायोटिक देऊन पाच वर्षे पाहिले गेले. २०१८ मध्ये आलेल्या निष्कर्षांनुसार सुमारे ३९ टक्क्यांना या काळात अपेंडिसायटिस पुन्हा उद्भवला, म्हणजे उरलेल्या सुमारे ६१ टक्क्यांचे काम औषधांवर भागले. अमेरिकेतल्या १५५२ रुग्णांच्या अभ्यासात मात्र खडा असलेल्यांनाही घेतले होते. २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या निष्कर्षांत औषधे घेणाऱ्यांपैकी खडा असलेल्या ४१ टक्के रुग्णांवर ९० दिवसांच्या आतच ऑपरेशनची वेळ आली, तर खडा नसलेल्यांत हे प्रमाण २५ टक्के होते, आणि गुंतागुंतीही खडा असलेल्यांतच अधिक आढळल्या. म्हणून सर्जनला पहिला प्रश्न ‘खडा आहे का?’ हाच विचारावा. दुखणे आहे आणि खडाही आहे, तर ऑपरेशन हाच मार्ग मला योग्य वाटतो. याउलट दुसऱ्याच कारणासाठी केलेल्या स्कॅनमध्ये खडा दिसला आणि कसलाही त्रास नाही, तर सहसा ऑपरेशनची घाई करत नाहीत; वरची लक्षणे लक्षात ठेवावीत आणि तो अहवाल जपून ठेवावा.

ऑपरेशन बऱ्याच ठिकाणी दुर्बिणीने, तीन लहान छिद्रांतून होते. अपेंडिक्स फुटलेली नसेल तर एक-दोन दिवसांत घरी सोडतात. फुटली असेल तर पोट धुऊन, शिरेतून अँटिबायोटिक देत बरेच दिवस ठेवावे लागते. फुटलेल्या अपेंडिक्समधला खडा पोटातच राहून गेला तर काही महिन्यांनीही तिथे पू धरू शकतो, त्यामुळे स्कॅनमध्ये दिसलेला खडा बाहेर निघाला का, हे विचारायला संकोचू नये.

गाठ झाली असेल तर

तीन-चार दिवस अंगावर काढलेल्या रुग्णात आतडी आणि चरबीचा पडदा अपेंडिक्सला वेढून बसतात आणि उजवीकडे हाताला गाठ लागते. अशा वेळी सर्जन लगेच कापत नाहीत, याने नातेवाईक अस्वस्थ होतात. पण चिकटलेली आतडी सोडवताना इजा होण्याचा धोका असल्यामुळेच ते थांबतात. गाठीची कड पेनाने कातडीवर आखतात, दररोज ती आटते की वाढते ते पाहतात, नाडी आणि ताप नोंदतात, अँटिबायोटिक देतात. पू धरला असेल तर सोनोग्राफीच्या आधाराने नळी घालून तो काढतात. साधारण सहा ते आठ आठवड्यांनी अपेंडिक्स काढायची की नाही हे ठरते आणि खडा असल्यास काढण्याकडे कल असतो. चाळिशीपुढच्या रुग्णाने गाठ ओसरल्यावर कोलोनोस्कोपी, म्हणजे मोठ्या आतड्याची दुर्बिणीने तपासणी, टाळू नये, कारण मोठ्या आतड्याचा कर्करोग अशा गाठीच्या रूपात लपलेला असू शकतो. आपल्याकडे आतड्याचा क्षयरोगही नेमका याच जागी गाठ करतो.

काढलेली अपेंडिक्स पॅथॉलॉजीला (सूक्ष्मदर्शकाखालच्या तपासणीला) पाठवली का, याची खात्री करावी. क्वचित तिच्यात न्यूरोएंडोक्राइन (संप्रेरके बनवणाऱ्या पेशींची) गाठ सापडते. ती १ सेंटिमीटरपेक्षा लहान असेल तर झालेले ऑपरेशन सहसा पुरते, २ सेंटिमीटरपेक्षा मोठी असेल तर मोठ्या आतड्याचा उजवा भाग काढण्याचा विचार होतो. श्लेष्माने फुगलेली अपेंडिक्स, म्हणजे म्यूकोसील, फुटू न देता अखंड काढावी लागते, कारण त्यातल्या पेशी पोटात पसरल्या तर पुढचा आजार फार अवघड होतो.

घरी आल्यावर

ऑपरेशनच्या दिवशी संध्याकाळीच आधाराने चालावे. पातळ पदार्थांपासून सुरुवात करून मऊ भात, मग नेहमीचे जेवण घ्यावे. दुर्बिणीच्या ऑपरेशननंतर बैठे काम एक-दोन आठवड्यांत सुरू होते. उसाची मोळी उचलणारे, दुधाचे कॅन वाहणारे आणि तालमीत जोर-बैठका मारणारे यांनी, विशेषतः मोठा छेद घेतला असेल तर, चार ते सहा आठवडे थांबावे आणि सर्जनने पाहिल्याशिवाय आखाड्यात उतरू नये. ताप चढणे, टाक्यांतून पू येणे, उलट्या होणे, पोट फुगून वायूही न सरणे, यांपैकी काहीही झाले तर ठरलेल्या तारखेची वाट न पाहता त्याच दिवशी परत जावे. डिस्चार्ज कार्ड आणि पॅथॉलॉजीचा अहवाल एकत्र ठेवावा. अपेंडिक्सचे थोडे बूड मागे राहिले असेल तर अगदी विरळा त्यालाही सूज येते, म्हणून पुढे उजवीकडे तसेच दुखले तर ‘माझी अपेंडिक्स काढलेली आहे’ एवढेच सांगून न थांबता हे कागद डॉक्टरांसमोर ठेवावेत.