ताई, सिनिअर व्हायला किती वर्षं लागतात?

मागच्या दिवाळीला परभणीकडं, सेलूला गेले होते. आत्याचा मुलगा नांदेडला इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला होता, सॉफ्टवेअर कंपनीचं ऑफर लेटर नुकतंच हातात पडलेलं. फराळाची ताटं समोर असतानाच त्यानं विचारलं, "ताई, सिनिअर व्हायला किती वर्षं लागतात गं?"

प्रश्न आमच्या घराला साजेसाच होता. आमच्याकडं नोकरी म्हणजे झेडपीची शाळा. माझे वडील मास्तर. १२ वर्षांनी वरिष्ठ श्रेणी, २४ वर्षांनी निवडश्रेणी, सेवापुस्तकातल्या नोंदी तेवढ्या जागच्या जागी पाहिजेत. मीसुद्धा हाच हिशोब डोक्यात घेऊन सॉफ्टवेअरमध्ये शिरले. खाली मान घालून काम करायचं, वेळ झाली की वर सरकवतील. पाच वर्षं त्यात गेली.

मी नांदेडजवळच्या विष्णुपुरीच्या एसजीजीएस इंजिनिअरिंग कॉलेजमधून २०१० ला बाहेर पडले आणि देवगिरी एक्सप्रेसनं थेट सिकंदराबाद गाठलं. आजोबांना त्याचं कोण कौतुक. १९४८ पर्यंत आपण निजामाच्या राज्यात, त्यामुळे त्यांच्या लेखी राजधानी म्हणजे हैदराबादच. पुणं त्यांना परकं वाटायचं. माझं इंग्रजी अडखळायचं, पण परभणीची हिंदी तिथं पहिल्या दिवसापासून धावली.

सुरुवातीच्या दोन वर्षांबद्दल फार सांगण्यासारखं नाही. टिकिट, म्हणजे कामाची चिठ्ठी येतं, बग (कोडमधली चूक) असतो, तुम्ही तो शोधता. दोन सवयी मात्र तेव्हाच लावून घ्या. एक, कोडची ओळ बदलण्याआधी ती कुणी, कधी आणि कशासाठी लिहिली ते गिटच्या इतिहासात बघा, कोडमधल्या प्रत्येक बदलाची नोंद तिथं असते. वेडगळ दिसणाऱ्या ओळीमागं बहुतेक वेळा कुणाची तरी वाईट रात्र असते. दुसरी, अर्धा तास अडकलात की विचारा, पण "चालत नाहीये" एवढंच म्हणू नका. काय करून बघितलं, काय व्हायला हवं होतं, काय झालं, हे तीन ओळींत लिहा. निम्म्या वेळा लिहितानाच उत्तर सापडतं.

आता माझी वाईट रात्र. नोकरीचं चौथं वर्ष, कंपनी दुसरी. डेटाबेसमधल्या ऑर्डरच्या टेबलमध्ये, म्हणजे तक्त्यात, साधारण चार कोटी ओळी होत्या आणि एक क्वेरी (डेटाबेसला विचारलेला प्रश्न) फार हळू चालत होती. उपाय सरळ होता, एक इंडेक्स टाकायचा, म्हणजे पुस्तकामागं असते तशी सूची. स्टेजिंगवर, म्हणजे चाचणीच्या सिस्टीमवर, दोन लाख ओळी होत्या, तिथं डोळ्याची पापणी लवायच्या आत झाला. रात्री साडेअकराला तेच प्रॉडक्शनवर, ग्राहक वापरतात त्या खऱ्या सिस्टीमवर चालवलं.

डेटाबेस पोस्टग्रेस नावाचा होता. त्यात साधा क्रिएट इंडेक्स चालू असेपर्यंत त्या टेबलवर वाचता येतं, लिहिता येत नाही. हे मला वाचून माहीत होतं. चार कोटी ओळींवर त्याचा अर्थ काय होतो ते माहीत नव्हतं. नव्या ऑर्डरी रांगेत थांबल्या. प्रत्येक थांबलेली ऑर्डर डेटाबेसचं एक कनेक्शन अडवून बसली. कनेक्शनांचा ठरावीक साठा संपला, आणि मग नुसतं वाचणारी पानंसुद्धा उघडेनात. स्क्रीनवर लाल आलेख चढत होता आणि मी दहा मिनिटं कुणाला काही बोलले नाही. होईल आत्ता, संपेल आत्ता. खरी चूक इंडेक्सची नव्हती, ती दहा मिनिटं होती.

शेवटी आमच्या एका तेलुगू सिनिअरचा फोन आला. रागावला नाही. म्हणाला, "पहले चॅनल पे लिखो क्या किया, फिर कॅन्सल मारो." मी टीमच्या चॅट चॅनलवर लिहिलं, क्वेरी कॅन्सल केली, दोन मिनिटांत सगळं वाहू लागलं.

दुसऱ्या दिवशी घटनेचा अहवाल लिहायचा होता. माझा पहिला मसुदा म्हणजे निव्वळ माफीनामा, पुन्हा असं होणार नाही, यापुढे काळजी घेईन. त्या सिनिअरनं तो परत पाठवला आणि एकच विचारलं, उद्या तुझ्या जागी नवा पोरगा असला तर? काळजी घेणार कोण?

आमच्या आबांच्या, म्हणजे चुलत्यांच्या, शेतातल्या विहिरीला कैक वर्षं कठडा नव्हता. लहानपणी आम्हाला रोज ऐकवायचे, विहिरीकडं बघून चाला. एकदा त्यात शेळी पडली, तेव्हा कुठं कठडा बांधला. त्या दिवशी मला ते आठवलं. मी एक तपासणी लिहिली, मायग्रेशनमध्ये, म्हणजे डेटाबेसची रचना बदलणाऱ्या कोडमध्ये, साधा क्रिएट इंडेक्स दिसला की बिल्डच नापास, कोड पुढं जाणारच नाही. त्याऐवजी त्याच आज्ञेचं 'क्रिएट इंडेक्स कॉन्करंटली' हे रूप वापरायचं. ते जास्त वेळ घेतं, ट्रान्झॅक्शनच्या (सगळं होईल नाहीतर काहीच नाही अशा गठ्ठ्याच्या) आत चालत नाही, मधेच फसलं तर अर्धवट इंडेक्स मागं राहतो आणि तो हातानं काढावा लागतो, पण लिहिणं अडवत नाही. सोबत लॉकसाठी पाच सेकंदांची मर्यादा घातली, म्हणजे कुलूप मिळालं नाही तर कामच माघार घेईल. साठ-सत्तर ओळींचं काम असेल. वर्षभरात सहा टीमनी ते उचललं. माझ्या बढतीच्या कागदात सगळ्यात वर तेच होतं. त्याच वर्षी लिहिलेली हजारो ओळींची फीचर्स खाली कुठंतरी.

आत्याच्या मुलाला मी हेच सांगितलं. ज्युनिअरनं खड्डा चुकवला तर शाबासकी. सिनिअरकडून अपेक्षा असते की मागून येणाऱ्यानंही पडू नये.

ऑनकॉलचंही, म्हणजे सिस्टीम बिघडली तर रात्री-अपरात्री उठायच्या पाळीचंही तसंच. एकदा गावी असताना रात्री दीडला लॅपटॉप उघडून बसले होते. आबा मोटार चालू करायला निघालेले, त्या आठवड्यात थ्री फेज लाइट रात्रीची होती. दारात थांबून म्हणाले, "काय करायलीस गं एवढ्या रातीचं?" सांगितलं, पाळी आहे माझी. त्यांना पुढं काही समजावावं लागलं नाही.

आता आपल्याकडच्या मुलामुलींसाठी थोडं कडू. आपण बोलत नाही. मास्तरांसमोर बोलायचं नाही, मोठ्यांत तोंड घालायचं नाही, हे अंगात मुरलेलं. मीटिंगमध्ये डिझाइन चुकतंय हे मला दिसायचं आणि मी गप्प. एका ठिकाणी तर माझ्याच वहीतली आकृती दुसऱ्यानं फळ्यावर काढली आणि प्रकल्प त्याच्या नावावर गेला. मला राग त्याचा आला, यायला हवा होता माझा. इंग्रजी सुधारेपर्यंत थांबले असते तर आजही थांबलेलीच असते. मी बोलण्याऐवजी लिहायला लागले. मीटिंगच्या आदल्या दिवशी दोन पानांचं टिपण सगळ्यांना पाठवायचं. प्रश्न काय आहे, कोणते तीन मार्ग आहेत, त्यातले दोन का नकोत, निवडलेला फसला तर मागं कसं यायचं. "दोन का नकोत" हा भाग सगळ्यात महत्त्वाचा, कारण डिझाइनमधला विचार तिथंच दिसतो. साध्या इंग्रजीत, छोट्या वाक्यांत. मग मीटिंग माझ्या कागदावर व्हायची आणि मला दोनच वाक्यं बोलावी लागायची.

आणि हिशोब ठेवा. मोंढ्यात सोयाबीन घातलं की आडत्याकडून हिशोबाची पट्टी घेतो ना आपण? बढतीच्या बैठकीत तुम्ही नसता. तिथं तुमचा मॅनेजर इतर मॅनेजरांसमोर तुमची बाजू मांडतो आणि त्याच्या हातात जेवढं दिलं असेल तेवढंच मांडतो. दर शुक्रवारी चार ओळी लिहा: काय केलं, त्यानं काय बदललं, आकडा असेल तर आकडा, कुणाला मदत केली. मला हे फुशारकीचं वाटायचं. पण पट्टी मागणाऱ्या शेतकऱ्याला फुशारकी मारतो म्हणून कुणी हिणवत नाही.

पदनामांवर जाऊ नका. छोट्या कंपनीत तीन वर्षांत सिनिअर होता येतं, आणि तोच माणूस मोठ्या कंपनीत गेला की मुलाखतीनंतर एक पायरी खाली बसवतात. मलाही बसवलं, आठवडाभर जेवण गेलं नाही. सिनिअरच्या पुढं रस्ता फुटतो, एक मॅनेजरचा, दुसरा स्टाफ आणि प्रिन्सिपल इंजिनिअरचा, म्हणजे तांत्रिक कामातच वर जाण्याचा. मॅनेजरचा रस्ता वरचा असं गावाकडं वाटतं, कारण हाताखाली माणसं दिसतात. मी दुसरा घेतला. कोड कमी झाला आहे. दिवस जातो तो चार टीमना एकाच मार्गावर आणण्यात, कुणाला तरी "हे बांधूच नका" असं पटवण्यात, आणि आता एआयनं भराभर लिहून दिलेला कोड वाचण्यात. लिहिणं स्वस्त झालंय, त्यामुळे वाचणाऱ्याचं काम वाढलंय.

आत्याच्या मुलाची नोकरी जुलैत सुरू झाली. गेल्या आठवड्यात त्यानं पहिलं डिझाइनचं टिपण व्हॉट्सॲपवर पाठवलं. शेवटची ओळ होती, "ही सिस्टीम व्यवस्थित चालेल." मी तिच्याखाली लिहिलं, "नाही चालली तर?" दोन निळ्या खुणा दिसतायत. उत्तर अजून आलेलं नाही.