सार्वजनिक संस्थेविरुद्धचा दावा : न्यायालयातील हजेरी तुटू नये यासाठीची तयारी

नगरपरिषद, जिल्हा परिषद किंवा महामंडळावर दावा दाखल झाला की पहिली जबाबदारी जिंकण्याची नसून, प्रत्येक तारखेला आपल्या बाजूने कोणीतरी उभे राहील हे पाहण्याची असते. एकतर्फी हुकूमनाम्याचा, म्हणजे आपली बाजू न ऐकताच झालेल्या निकालाचा भुर्दंड शेवटी करदात्यावरच पडतो.

तयारी समन्सच्या आधीच सुरू व्हावी. शासनाला किंवा शासकीय अधिकाऱ्याला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 खाली, तातडीची प्रकरणे वगळता, दोन महिन्यांची नोटीस मिळते; तेवढ्यात मूळ नस्ती (फाइल) शोधून तिची पाने क्रमांकित करावीत आणि तूर्तातूर्त मनाईची (निकालापर्यंतच्या बंदी-आदेशाची) शक्यता असेल तर कॅव्हेट, म्हणजे आपल्याला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये असा अर्ज, दाखल करावे, मात्र ते 90 दिवसांनी संपते याची नोंद ठेवावी.

समन्स मिळताच त्यावर आवक शिक्का, तारीख आणि घेणाऱ्याची सही असावी, कारण लेखी कैफियतीचे (दाव्याला द्यायच्या लेखी उत्तराचे) 30 दिवस त्याच तारखेपासून मोजले जातात. सर्वसाधारण दाव्यात न्यायालय कारणे नोंदवून ही मुदत 90 दिवसांपर्यंत वाढवू शकते, पण त्या भरवशावर कोणी राहू नये. दाव्याची प्रत संबंधित विभागाकडे पाठवताना परिच्छेदनिहाय अभिप्राय कोणत्या तारखेपर्यंत हवा, हे पत्रातच लिहावे. ‘योग्य ती कार्यवाही करावी’ असा मोघम शेरा मारलेले कागद महिनोन्‌महिने टेबलावर पडून राहतात.

खरी गफलत वकील बदलताना होते. पॅनेल (संस्थेच्या वकिलांची यादी) बदलल्याचा ठराव झाला, नव्या वकिलांना नियुक्तिपत्रही गेले, पण वकीलपत्र (वकिलाला आपल्या वतीने हजर राहण्याचा अधिकार देणारा कागद) दाखल झालेच नाही, आणि जुने वकील आपले काम संपले असे समजून थांबले, तर रोजनाम्यात (न्यायालयाच्या तारखेगणिक नोंदीत) ‘प्रतिवादीतर्फे कोणी हजर नाही’ एवढीच ओळ उमटते. वास्तविक दाखल झालेले वकीलपत्र पॅनेलची मुदत संपल्याने आपोआप रद्द होत नाही. ते मागे घ्यायला न्यायालयाची परवानगी लागते. म्हणून नव्या वकीलपत्रावर जुन्या वकिलांची ना हरकत घ्यावी, ते दाखल होईपर्यंत तारखा त्यांनीच पाहाव्यात असे लेखी कळवावे, आणि फीची थकलेली देयके याच वेळी निकाली काढावीत. देयक अडवून हजेरीची अपेक्षा ठेवणे माझ्या मते अन्यायाचे आहे. सही करणाऱ्या अधिकाऱ्याची बदली झाली तरी पक्षकार संस्थाच राहते, तरीही प्रभार यादीत (पदभार सोपवतानाच्या यादीत) प्रत्येक प्रकरणाचा सोळा अंकाक्षरी सीएनआर क्रमांक (न्यायालयीन प्रकरणाचा स्वतंत्र ओळख क्रमांक) आणि पुढची तारीख असलीच पाहिजे.

एकतर्फी आदेश झालाच, तर दावा प्रलंबित असताना तो रद्द करण्याचा अर्ज सबळ कारणासह लगेच द्यावा. हुकूमनामा झाल्यावर त्यासाठी 30 दिवसच असतात, आणि समन्सची रीतसर बजावणीच झाली नसेल तर ते हुकूमनाम्याची माहिती झाल्यापासून मोजतात.

अपिलासाठी जिल्हा न्यायालयात 30 व उच्च न्यायालयात 90 दिवस मिळतात. निकालाची नक्कल मिळायला लागलेला वेळ या मुदतीतून वजा होतो, म्हणून नकलेचा अर्ज निकालाच्याच दिवशी द्यावा. नस्ती टेबलाटेबलांवर फिरत होती ही सबब पुरत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2012 मध्ये टपाल खात्याची 427 दिवसांची दिरंगाई माफ करण्यास नकार दिला होता.